दोन मुठींची करवत

मित्रांनो, वनशाळेच्या दारातून आत आलात की समोरच्या भिंतीवर जी लांबलचक, दातेरी, तांबूस पडलेली म्हातारी आडवी टांगलेली दिसते, ती मी. तुमच्यातले काही जण मला मगर म्हणतात, ते माझ्या कानावर येते. राग नाही. एवढे दात विचकून भिंतीवर बसल्यावर लोक नावे ठेवणारच. पण जरा जवळ या. माझ्या दोन्ही टोकांना लाकडाची एकेक मूठ आहे, दिसली? मी दोन माणसांनी ओढायची करवत आहे. एकट्या माणसाने कितीही जोर केला तरी मी हलत नाही. माझी सगळी कहाणी या दोन मुठींच्या मधे घडली.

माझा जन्म पोलादाच्या कारखान्यातला. भट्टीतून लालबुंद निघाले, कारखान्यातल्या जड रोलरांखाली लाटली गेले, तेलात बुडवताना अशी चरचरले की आजही आठवले तर पाते थरथरते. मग एका कारागिराने माझे दात कापले आणि एकेक दात वळवला, एक किंचित डावीकडे, पुढचा किंचित उजवीकडे. असे वळवले नाहीत तर करवत आपल्याच कापात अडकून बसते. शेवटी त्याने मला वाकवून एकदम सोडले. माझ्यातून लांब, गोड आवाज निघाला. तो शेजाऱ्याला म्हणाला, "ही गाणार." त्या दोन शब्दांवर मी कितीतरी वर्षे मिरवले.

मला विकत घेतले एका लाकूडतोड्याने. सगळे त्यांना नऊबोटे म्हणत, कारण दहावे बोट तरुणपणी एका ओंडक्याखाली गेले होते. कोणी हळहळले की ते म्हणायचे, "जंगलाकडून इतकं घेतलं, एक बोट दिलं तर काय बिघडलं?" एका टोकाला नऊबोटे आणि दुसऱ्या टोकाला त्यांचा तरणाताठा मुलगा, अशी माझी पहिली जोडी. पहिल्याच दिवशी त्यांनी मुलाला जो धडा दिला तो मी कधी विसरले नाही.

"ओढायचं. ढकलायचं नाही. आपलं ओढून झालं की हात सैल सोडायचा. पलीकडचा ओढेल. त्याच्यावर भरवसा ठेवायचा."

दिसायला सोपे, पण माणसाला ते फार जड जाते. जो तो आपल्या टोकाने ढकलू बघतो. ढकलले की माझे पाते बाकदार होते आणि काप वाकडा जातो.

त्या रानात आणखी एक रीत होती. झाडे तोडायची, पण सगळी नाही. मधून मधून सगळ्यांत उंच, सगळ्यांत सरळ, निरोगी झाड राखायचे आणि त्याच्या बुंध्यावर छातीच्या उंचीला चुन्याचा पांढरा पट्टा ओढायचा. अशा झाडांना आईझाडे म्हणत. त्यांचे बी वाऱ्याने तोडलेल्या जागेत पडे आणि पुन्हा रान उभे राही. नवा मजूर हमखास विचारी, "अहो, सगळ्यांत चांगलं झाडच सोडून द्यायचं?" नऊबोटे म्हणत, "मग काय वाकडं सोडू? नातवंडं शिव्या देतील." चुन्याच्या पट्ट्याला कोणी हात लावत नसे. तसा लेखी नियम कुठे नव्हता, पण पट्टा दिसला की उगारलेली कुऱ्हाड आपोआप मागे यायची.

आमचे घर जंगलाच्या पायथ्याशी होते. मागच्या दाराजवळच्या खुंटीवर मी असायचे, त्यामुळे घरातले सगळे मला ऐकू येई. नऊबोट्यांची थोरली मुलगी नवरा वारल्यावर माहेरी परतली होती. कोठीच्या किल्ल्या तिच्या कमरेला. पुढे मुलाचे लग्न झाले आणि घरात सून आली. ती नणंदेला 'वन्सं' म्हणायची, म्हणून मीही वन्संच म्हणते. आणि सुनेला सगळी आळी वहिनी म्हणे. किल्ल्या कुणाच्या कमरेला असाव्यात, यावरून दोघींचे असे बिनसले की एकमेकींशी बोलणेच बंद. सगळा कारभार म्हाताऱ्याच्या मार्फत.

"मामंजी, वन्संना सांगा, दूध तापलंय."

"अण्णा, हिला सांगा, मला वास आला तेव्हाच कळलं. पातेलं करपलंय."

"मी काय पोस्टमन आहे?" नऊबोटे करवादायचे. पण निरोप पोचवायचे.

आणि मग युद्ध सुरू झाले.

मुलगा सैन्यात गेला. जाताना त्याने माझ्या पात्यावर टिचकी मारली, माझा आवाज ऐकला आणि निघाला. नऊबोट्यांचे हात तोवर वयाने थरथरायला लागले होते. माझ्या अंगावर गोणपाट आले. मी म्हटले, संपले आपले. लढाई बंदुकांची. तिथे करवतीला कोण विचारतो?

मित्रांनो, तुम्हालाही तसेच वाटते ना? पण बंदुकीचा दस्ता लाकडाचा असतो. तोफा नेणाऱ्या आगगाडीच्या रुळांखाली लाकडाचे स्लीपर असतात. गाडीला कोळसा लागतो, आणि कोळशाच्या खाणीत छत डोक्यावर येऊ नये म्हणून जागोजागी लाकडाचे टेकू द्यावे लागतात. खंदकांच्या भिंतींना फळ्या, औषधांना खोकी, जखमींना नेणाऱ्या स्ट्रेचरला दांडे. आणि परत येणाऱ्यांना कुबड्या. लढाई पुढे सरकली की जंगल मागे सरकते, हे मी डोळ्यांनी पाहिले आहे.

एके दिवशी लाकूड वखारीचा मुकादम दारात येऊन बसला. जाडजूड, घामाघूम, सदा चिडलेला. म्हणाला, "नऊबोटे, वरून रोज ओरडा चाललाय, लाकूड पाठवा, लाकूड पाठवा. मी काय फुंकर मारून पाडू झाडं? हात पाहिजेत. आणि हात तर सगळे लढाईवर गेलेत."

स्वयंपाकघराच्या दारातून वहिनी म्हणाली, "दोन हात इथे आहेत."

कोठीच्या दारातून लगेच वन्सं म्हणाल्या, "अण्णा, त्यांना म्हणावं चार आहेत. मोजता येत नसलं कुणाला तर राहू दे."

मुकादम हसत सुटला. पण दुसऱ्या दिवशी माझ्या अंगावरचे गोणपाट निघाले.

पहिल्या दिवसाची फजिती काय सांगू! एका मुठीला वहिनी, दुसऱ्या मुठीला वन्सं, दोघींची तोंडे दोन दिशांना. वन्सं ओढत असताना वहिनी ढकलायची आणि वहिनीची पाळी आली की वन्सं हात ताठ धरायच्या. मी कधी धनुष्यासारखी वाकत होते, कधी सापासारखी वळवळत होते. बुंध्यावर काप असा वेडावाकडा झाला की उंदराने कुरतडले म्हणावे.

"वहिनी, झाड कापताय की अंगण झाडताय?" मुकादम लांबून ओरडला.

खोडावर बसलेले नऊबोटे उठले. काठी टेकत आले आणि माझ्या पाठीवर हात ठेवून म्हणाले, "हे बघा पोरींनो. तुमचं भांडण मी घरी ऐकतो, ऐकवतो, पोचवतोसुद्धा. पण ही करवत निरोप पोचवणार नाही. हिच्या पलीकडे कोण आहे त्याच्यावर भरवसा नसेल तर हिला पुन्हा खुंटीवर टांगा."

मग वहिनीने ओढले आणि हात सैल सोडला. वन्संनी ओढले आणि हात सैल सोडला. पुन्हा वहिनी. पुन्हा वन्सं. राळेने माझे दात चिकटू लागले की वन्सं रॉकेलचा बोळा फिरवायच्या. कापात वहिनी पाचर ठोकायची. माझ्या दातांतून भुशाचे लांब, पिवळे तंतू निघू लागले आणि कितीतरी दिवसांनी मी गायला लागले. दुपारी झाडाने पहिला कडाका दिला. ते कलले ते नेमके वन्संच्या अंगावर. म्हाताऱ्यामार्फत निरोप पाठवायला वेळच नव्हता.

"वन्सं, पळा!" वहिनी किंचाळली.

वन्सं पळाल्या. झाड धाडकन खाली आले. धूळ बसल्यावर वन्सं उठल्या, केसांतला पाला काढला आणि म्हणाल्या, "अण्णा, ऐकलंत का? बोलता येतं की हिला!"

तिघेही हसले, अगदी डोळ्यांत पाणी येईपर्यंत. त्या दिवसापासून घरातली टपालसेवा बंद झाली.

पुढची वर्षे माझ्या आयुष्यातली सर्वांत अभिमानाची. आमचे बघून आळीतल्या आणखी बायका जंगलात आल्या. कोणाची बहीण, कोणाची आई, शिंप्याची बायको, पाववाल्याची लेक. त्यांना ओढायला आणि सोडायला वहिनीने शिकवले. मुकादमाचे टोमणे हळूहळू आटले आणि एक दिवस त्यानेच आपल्या बायकोला आणून वहिनीपुढे उभे केले. "हिलाही शिकवा," म्हणाला, "घरी नुसती मलाच कापत असते." आम्ही कापलेले स्लीपर गाड्या भरभरून जात होते. कुठली तरी रेल्वे आमच्या लाकडावरून धावत होती. अशा वेळी कोणती करवत ताठ मानेने वागणार नाही?

पण घाईचे दुसरे रूपही मी पाहिले. समोरच्या टेकडीवर एका ठेकेदाराने पट्टे बघितलेच नाहीत. आईझाडांसकट सगळे उतरवले. पुढच्या पावसात टेकडीची माती गेली, खाली ओढ्यात गाळ आला आणि वर नुसते दगड राहिले. पोरांनी तिचे नाव ठेवले टकली.

मग ती बातमी आली. हात गळ्यात बांधलेला एक शेजारी रजेवर घरी परतला आणि थेट आमच्या ओट्यावर येऊन बसला. नदीवरचा रेल्वेचा पूल शत्रूने उडवला होता. तो कसाबसा होडीतून आला होता. पण पलीकडच्या इस्पितळात जखमी खोळंबले होते, आणि त्यांत नऊबोट्यांचा मुलगा होता. पायाला गोळी लागली होती, जखम चिघळली होती.

"औषधं संपत आलीत तिथली," शेजारी म्हणाला. "पूल झाला की गाडी येईल. पण नदी चढायच्या आत व्हायला पाहिजे. एकदा पाणी चढलं की मग हंगाम सरेपर्यंत काही खरं नाही."

वहिनीने त्याला पाणी दिले. पेला त्याच्या हातात आहे की नाही हे न बघताच सोडून दिला.

दोनच दिवसांनी पुलाचा इंजिनिअर आला. तरुण, दाढी वाढलेला, झोप न झालेला. त्याला लांब तुळया हव्या होत्या, सरळ आणि बिनगाठीच्या. मुकादमाने डोके खाजवले. एवढी लांब झाडे आता होती कुठे? सगळी युद्धाने गिळली होती. रस्त्याला लागून, पाडायला सोपी, गाडीत चढवायला सोपी अशी फक्त एकाच प्रकारची झाडे उरली होती. पांढऱ्या पट्ट्याची.

"लढाईचं काम आहे," मुकादम म्हणाला. "वरून परवानगी आली आहे. पट्टा बघू नका."

वहिनीने बघितला नाही. ती तडक पहिल्या आईझाडापाशी गेली, बुंध्याला मला टेकवले आणि ओढले. माझे दात सालीत शिरले. चुन्याचे पांढरे कण भुशात मिसळले. दुसऱ्या मुठीवर वन्संचा हात होता. पण तो हलत नव्हता.

"ओढा ना, वन्सं."

"नाही."

"ओढा म्हणते! पलीकडे माझा नवरा पडलाय."

"माझा भाऊ पडलाय," वन्सं म्हणाल्या. "कडेवर घेऊन वाढवलाय मी त्याला."

"मग?"

"मग तो आल्यावर त्याला काय दाखवू? दुसरी टकली?"

"आधी येऊ तर द्या त्याला!" वहिनी ओरडली आणि एकटीच ओढू लागली. ओढायची, मग ढकलायची, पुन्हा ओढायची. मी तिरकी झाले, वाकले आणि कापात रुतून बसले. तिने पाय रोवून हिसका दिला. मी हलले नाही. मित्रांनो, मला तिची दया येत होती. पण एका मुठीने मी चालत नाही. चालू शकतच नाही.

"दगड आहात तुम्ही," वहिनी खाली बसत म्हणाली. तिला हुंदके आवरत नव्हते.

"असेन." वन्सं तिच्याजवळ येऊन उकिडव्या बसल्या. "पण मी मूठ सोडलेली नाही. झाड बदल, आत्ता ओढते. हात तुटेपर्यंत ओढते. घळीत चल."

घळ म्हणजे डोंगराच्या पोटातली अरुंद, खोल चीर. तिथली झाडे ऊन शोधत वर वर गेलेली, भाल्यासारखी सरळ. पण तिथे आजवर कोणी कुऱ्हाड नेली नव्हती, कारण पाडलेला ओंडका बाहेर काढायला ना रस्ता ना उतार.

मुकादम वैतागला. "घळीतून ओंडके काढायला त्यांना काय पंख लावणार?"

इतका वेळ दगडावर टेकलेला इंजिनिअर पहिल्यांदा बोलला. "घळीत ओढा आहे का?"

"आहे ना. गुडघाभर पाणी. त्याने काय होणार?"

"तो कुठे जातो?"

"कुठे जाणार? नदीला मिळतो."

"पुलाच्या वर की खाली?"

"वर," नऊबोटे म्हणाले आणि एकदम ताठ झाले. इंजिनिअरही उठून उभा राहिला होता.

"मग पाण्यालाच हमाल करू," तो म्हणाला. "तुम्ही झाडं पाडा. पाणी अडवायचं माझ्याकडे लागलं."

वहिनीने पदराने तोंड पुसले. दोघींनी मिळून मला त्या कापातून हलकेच सोडवले.

मी आयुष्यात तसे काम पुन्हा केले नाही. कमरेला दोर बांधून बायका घळीत उतरल्या. पायाखाली निसरडे शेवाळ, डोक्यावर ओली फांदी. उभे राहायलाही जागा नाही, तर गुडघ्यांवर बसून मला ओढायच्या. संध्याकाळी नऊबोटे कापऱ्या हातांनी कानस धरायचे आणि माझे दात घासून द्यायचे. हात थरथरत, पण दाताला कानस लागली की ते स्थिर होत, कसे ते मला आजही कळलेले नाही. खाली ओढ्याच्या तोंडाशी इंजिनिअरच्या माणसांनी फळ्यांचा बांध घातला. पाणी चढत चढत घळ तळ्यासारखी भरली आणि सोललेले ओंडके त्यावर तरंगू लागले.

बांधाच्या फळ्या उपसल्या तेव्हा मी वहिनीच्या खांद्यावर होते. आधी गडगडाट झाला. मग पाण्याची भिंत निघाली आणि तिच्या पाठीवर आमचे ओंडके, एकामागून एक, म्हशींच्या कळपासारखे अंग घासत, वळणावर धक्के देत थेट नदीकडे. वहिनी मला खांद्यावर घेऊनच काठाने धावत होती. "जा!" ती ओरडत होती. "जा, जा, जा!" आणि माझे पाते तिच्या पावलागणिक वाजत होते.

नदी चढण्याआधी पूल उभा राहिला.

मी पूल पाहिलेला नाही. मागच्या दाराशी खुंटीवर असताना मला फक्त शिट्टी ऐकू आली. वहिनी दारात भांडी घासत होती. तिचा हात थांबला. पुन्हा शिट्टी झाली. खरकट्या हातांनीच ती उठली आणि पळत सुटली. वन्संनी कोठीला कुलूप लावलेच नाही. त्यांच्या आयुष्यात असे पहिल्यांदाच झाले असावे.

तो आला कुबड्यांवर. एक पाय कायमचा अधू झाला होता, पण माणूस आला. दोन दिवसांनी म्हणाला, जंगल दाखवा. आईझाडांपाशी आल्यावर तो थबकला. पहिल्या झाडाच्या पट्ट्यात एक काप होता. त्याने वाकून कापात बोट घातले, या टोकापासून त्या टोकापर्यंत फिरवले. लाकूडतोड्याचाच मुलगा तो. कोणी कुठून ओढले हे कापच त्याला सांगत होता. एका बाजूला काप खोल होता, दुसऱ्या बाजूला नुसती साल खरवडलेली.

"ताई," तो म्हणाला, "या बाजूने कुणी ओढलंच नाही वाटतं?"

वन्सं आभाळात बघू लागल्या, जणू पावसाचा अंदाज घेत होत्या.

"त्या बाजूला अक्कल होती," वहिनी म्हणाली. "या बाजूला मी होते."

तो हसला आणि मग बराच वेळ त्या झाडाला टेकून उभा राहिला. त्या संध्याकाळी कोठीच्या किल्ल्या वहिनीच्या कमरेला दिसल्या. दुसऱ्या दिवशी पुन्हा वन्संच्या. पुढे तर त्या किल्ल्या दोघींच्या मधल्या खिळ्यावरच लटकू लागल्या.

युद्ध संपले. पुढच्या वर्षी वाळलेली फळे फुटली आणि आईझाडांचे बी वाऱ्यावर निघाले. बायकांनी चादरी पसरून ते गोळा केले आणि टकलीवर पेरायला नेले. नऊबोटे तेव्हा अंथरुणाला खिळले होते. खिडकीतून त्यांना टेकडी दिसायची. "हिरवं दिसतंय का काही?" ते रोज विचारत. एक दिवस वन्सं म्हणाल्या, "दिसतंय, अण्णा." तेव्हा खरोखर दिसत होते की नाही, मी नाही सांगणार. आज मात्र दिसते. तुम्ही वनशाळेत येताना ज्या दाट सावलीतून चढता ना, तीच ती टकली. नाव अजून तेच आहे, फक्त आता ते चेष्टेने म्हणतात.

पुढे यंत्रावर चालणाऱ्या करवती आल्या. घुर्र केले की झाड आडवे. एकच माणूस पुरे. मी माळ्यावर गेले. बरीच वर्षे अंगावर गंज, जळमटे आणि शेजारी मोडक्या छत्र्या. कोणी एकदा मला भंगारात काढायलाही निघाले होते. तेव्हा म्हाताऱ्या झालेल्या वहिनीने माळ्याची शिडीच काढून घेतली. तिच्या पश्चात या शाळेच्या बाई मला इथे घेऊन आल्या.

मित्रांनो, आता मला लाकूड कापायचे नाही. वर्षातून एकदा तेलाचे फडके फिरवा, तेवढे पुष्कळ झाले. आणि माझ्या मुठींना हात लावून बघा. एकीला वहिनीच्या बोटांचे खळगे आहेत, दुसरीला वन्संच्या. पुढे कधी तुमच्या हातात कुऱ्हाड, करवत किंवा परवानगीचा अधिकार आला, तर गरजेपुरते जरूर कापा. लाकडावाचून कोणाचे भागले आहे? मात्र पांढऱ्या पट्ट्यापाशी थांबा.

निघण्यापूर्वी शाळेच्या खाली, रस्त्याकडेच्या उंच झाडापाशी जा. बुंध्यावर, छातीच्या उंचीला, मिटलेल्या ओठांसारखा एक व्रण दिसेल. झाडाने वर्षानुवर्षे साल चढवून तो भरून काढला आहे. मी पाडलेली झाडे पुलात गेली, खाणीत गेली, रुळांखाली गेली. त्या सगळ्यांचा मला अभिमान आहे. पण सर्वांत जास्त अभिमान विचाराल, तर तो त्या व्रणाचा. तेवढे एकच काम मी अर्धवट सोडले आहे.